मागच्या सीटवरून : संगमनेर ते घाटघर

सोमवार

बँकेच्या नोकरीत मी गाई पाहिल्या त्या कागदावर. कर्जप्रकरणाला गाईचा फोटो, रंग, शिंगांचं वळण, कितवं वेत, कानातल्या बिल्ल्याचा नंबर. गाय मेली की विम्याच्या दाव्याबरोबर डॉक्टरचा शवविच्छेदनाचा दाखला आणि पाकिटात तोच बिल्ला. काही शेतकरी बिल्ला कानासकट कापून आणत. मे महिन्यात ते पाकीट कोणाच्या टेबलावर ठेवायचं यावरून शाखेत कुरबुरी व्हायच्या. 'बिल्ला नाही तर दावा नाही' हे विमा कंपन्यांचं वाक्य आम्ही खिडकीतून किती जणांच्या तोंडावर फेकलं असेल, देव जाणे. दाखल्याखालची डॉक्टरची सही मात्र आम्ही फक्त तारीख जुळते का एवढ्यापुरती बघायचो.

माझा भाचा आता तीच सही करतो. शिरवळच्या पशुवैद्यकीय महाविद्यालयात शिकला, सध्या अकोले तालुक्याच्या डोंगरी भागात पशुधन विकास अधिकारी आहे. (अकोले म्हणजे अहिल्यानगर जिल्ह्यातलं, विदर्भातलं अकोला नव्हे. बँकेतही या दोन गावांची टपाल कायम अदलाबदल व्हायची.) निवृत्तीनंतर त्याच्याकडे जायचं घाटत होतं. तो म्हणाला, "मामा, जूनच्या पहिल्या आठवड्यात या. पाऊस पडायच्या आत लसीकरण उरकायचं असतं. पण आधी दोन दिवस संगमनेरला माझ्या मित्राबरोबर फिरा. दुधाचा पट्टा बघितल्याशिवाय इकडचं काही समजायचं नाही."

पुण्याहून एसटीने दुपारी निघालो. संगमनेरला उतरलो तेव्हा प्रवरेवरून येणारं वारंसुद्धा गरम होतं. मित्रही जनावरांचा डॉक्टर, पण स्वतःचा व्यवसाय आहे. गाडी म्हणजे मोटरसायकल, मागे पत्र्याची पेटी, आणि पुढे टाकीवर पट्ट्याने बांधलेला तीन लिटरचा नायट्रोजनचा कॅन. संध्याकाळी एका दूध संकलन केंद्रावर तासभर थांबलो. फॅट, एसएनएफ (म्हणजे फॅट सोडून दुधातले बाकीचे घन पदार्थ), पावती, पुढचा. बँकेतली रांग याहून सावकाश सरकायची.

मंगळवार

पहाटे सव्वापाचला फोन. "गाय बसलीय, उठंना." डॉक्टरने फक्त दोन प्रश्न विचारले. कधी व्यायली आणि कितवं वेत. उत्तरं ऐकता ऐकताच त्याने कॅल्शियमच्या दोन बाटल्या गरम पाण्याच्या बादलीत टाकल्या आणि तोंड धुवायला गेला.

गोठा पत्र्याचा, नवा, मुक्तसंचार पद्धतीचा. बाजूला मुरघासाच्या पिशव्यांची थप्पी. संकरित होल्स्टिन गाय छातीवर बसलेली आणि मान कुशीकडे वळवून ठेवलेली. मालकाने मान सरळ केली की ती पुन्हा तिथेच जायची. डॉक्टरने माझा हात धरून गाईच्या कानाला लावला. कान गारठलेला होता, जून महिन्यात. नाकपुडी कोरडी, शेण अडलेलं, थर्मामीटर 99 च्याही खाली. आदल्या संध्याकाळी व्यायली होती, तिसऱ्या वेताची, 22 लिटरची गाय. पोराने कौतुकाने रात्री कास पूर्ण पिळून घेतली होती.

"चिकातून कॅल्शियम भरभरून जातं," डॉक्टर सुई बसवता बसवता म्हणाला, "आणि हाडातून रक्तात ते तेवढ्या झपाट्याने येत नाही. मग स्नायूच चालत नाहीत."

मानेची शीर अंगठ्याने दाबून फुगवली, जाड सुई घातली, रक्ताची धार आली तशी नळी जोडली. आता घाई होईल असं मला वाटलं. झालं उलटच. बाटली त्याने मुद्दाम खाली धरली, थेंब कमी केले आणि दुसऱ्या हाताने स्टेथोस्कोप गाईच्या डाव्या कोपराच्या मागे लावून बसला. कॅल्शियम भराभर गेलं तर हृदय थांबतं. मेडिकलमधून बाटली आणून स्वतःच लावणारे शेतकरी आहेत, आणि त्यातली एखादी गाय सुई शिरेत असतानाच आडवी होते. म्हातारी आई गोणपाटाने गाईची पाठ चोळत होती. पोरगा कोणाला तरी फोनवर सांगत होता, लाखाची गाय आहे, हप्ते चालू आहेत. हप्ते म्हटल्यावर माझे कान टवकारले, जुनी खोड.

अर्धी बाटली गेली तेव्हा मांडीच्या कातडीवर थरथर सुरू झाली. मग गाईने मोठी ढेकर दिली. कोरड्या नाकपुडीवर बारीक बारीक थेंब उमटायला लागले. डॉक्टरने ते बोटाने दाखवले आणि पहिल्यांदाच त्याचे खांदे सैल झाले. बाटली संपायच्या आत शेण पडलं. सुई काढून त्याने गाईच्या कुशीवर गुडघा टेकवला, "हॅ!" केलं, आणि ती मागचे पाय रोवून, एकदा डगमगून, उभी राहिली. म्हातारीने दोन्ही हातांनी तिची दृष्ट काढली. पोराने विचारलं, "आता धार काढू का?"

डॉक्टर इतका वेळ शांत होता, आता तडकला. दोन दिवस वासराला पुरेल एवढंच काढायचं, कास रिकामी करायची नाही. हे त्याने तीन वेळा सांगितलं, शेवटी पोराला सोडून म्हातारीला सांगितलं. बाहेर पडल्यावर मला म्हणाला, "ती ऐकेल."

त्यानंतर दिवसभर जे काही पाहिलं त्यात गाय कमी आणि हिशेब जास्त. एका गोठ्यात कास दगडासारखी कडक झालेली, एका सडातून पाण्यात चोथा मिसळल्यागत दूध. इकडे या रोगाला दगडीच म्हणतात. सडात ट्यूब सोडली, इंजेक्शन दिलं आणि सांगितलं की औषध चालू आहे तोवर आणि नंतरचे तीन दिवस चारही सडांचं दूध डेअरीला घालायचं नाही. मालक म्हणाला, "मग काय ओतून देऊ?" डॉक्टर म्हणाला, "हो." दोघंही गप्प. ते दूध ओतलं जाईलच याची खात्री डॉक्टरला नव्हती, मलाही नाही. रोज दहा-बारा लिटरचे पैसे नाल्यात सोडायचे म्हणजे माणूस बराच कर्जमुक्त असावा लागतो.

पुढच्या वस्तीवर गाय तिसऱ्यांदा उलटलेली, म्हणजे भरवूनही गाभण न राहता पुन्हा माजावर आलेली. सकाळपासून बळस (माजाचा चिकट स्राव) टाकत होती, म्हणजे भरवायची ती संध्याकाळी. सकाळी माज दिसला तर संध्याकाळी, संध्याकाळी दिसला तर दुसऱ्या सकाळी. आम्ही उन्हं उतरल्यावर पुन्हा तिथे. कॅनचं झाकण उघडलं तसा पांढरा धूर वाहिला. आत उणे 196 अंश. चिमट्याने गोठवलेल्या वीर्याची बारीक कांडी काढून कोमट पाण्यात अर्धा मिनिट धरली, पुसली, गनमध्ये भरली. डावा हात खांद्यापर्यंत प्लॅस्टिकच्या मोज्यात आणि मोजा गाईच्या आत. मालकाला कालवडीची कांडी हवी होती, जिच्यातून बहुतेक कालवडच होते. गोऱ्हा झाला की तो पोसायचा कोणी, हा या पट्ट्यातला सगळ्यात मोठा प्रश्न. डॉक्टरने साफ नकार दिला. ती कांडी महाग, गर्भ राहण्याचं प्रमाण कमी. पहिल्यांदा माजावर आलेल्या निरोगी कालवडीला ठीक, तीनदा उलटलेल्या गाईला कशाला? बुडीत खात्यावर नवं कर्ज देऊ नये, हे मी आयुष्यभर वरिष्ठांकडून ऐकलं. इथे गोठ्यात ऐकलं.

बुधवार

सकाळी पठार भागात. म्हशीच्या घशात काहीतरी अडकलंय, चारा खात नाही, लाळ गळते, असा निरोप. मालक अंगणातच भेटला. म्हणाला, मी दोनदा कोपरापर्यंत हात घालून बघितलं, काही लागत नाही.

हे ऐकल्यावर डॉक्टर जिथे होता तिथेच थांबला. म्हशीच्या जवळ गेला नाही. दहा हातांवरून नुसता बघत राहिला. तिने हंबरडा फोडला. आवाज फाटलेला, बसलेला. मागच्या पायात लटपट होती. "कुत्रं चावलं होतं का?" आधी नाही म्हणाले. मग घरातली मुलगी म्हणाली, दीड-दोन महिन्यांपूर्वी ते पिसाळलेलं गावातून गेलं, तेव्हा म्हैस रस्त्याकडेलाच होती. पायाला ओरखडा होता, हळद लावली.

पेटी उघडायची गरजच पडली नाही. डॉक्टरने वही काढली आणि म्हशीच्या तोंडाला, लाळेला, वैरणीच्या उष्ट्याला कोणाकोणाचा हात लागला त्यांची नावं लिहून घेतली. मालक, त्याचा भाऊ, तांब्याने पाणी पाजणारी सून, ती मुलगी. नळ सोडून सगळ्यांना साबणाने पंधरा-पंधरा मिनिटं हात धुवायला लावले, स्वतः घड्याळ लावून. मग चिठ्ठी दिली की आजच्या आज सरकारी दवाखान्यात जायचं आणि लसीचे सगळे डोस पुरे करायचे. मालक परत परत विचारत होता, "म्हशीला काय देता?" म्हशीला देण्यासारखं काही नव्हतं. तिला वेगळं बांधायचं, कोणी जवळ जायचं नाही, मेली की खोल खड्डा, वर चुना. कुत्रं चावलं त्याच आठवड्यात जखम धुऊन लस सुरू केली असती तर वाचण्याची शक्यता होती, हे डॉक्टर मला गाडीवर म्हणाला. तिथे बोलला नाही. बोलून काय मिळणार होतं!

"हात घातलेला मालक दवाखान्यात जाईल ना?" मी विचारलं. तो म्हणाला, "संध्याकाळी फोन करीन. नाही गेला तर उद्या सरपंचाला घेऊन जातो."

दुपारी मी अकोल्याची एसटी धरली. तिथून पुढे भाच्याने गाडीवर घेतलं. राजूर सोडलं की रस्ता चढायला लागतो, उसाची शेतं संपतात आणि रस्त्यावरची जनावरं बदलतात. अंगापिंडाने आटोपशीर, पांढऱ्यावर काळे ठिपके-डाग. दिसलं की भाचा हॉर्न वाजवायचा नाही, गाडीच थांबवायचा. "ही डांगी," त्याने ओळख करून दिली, नातेवाइकाची करून द्यावी तशा सुरात.

गुरुवार

साडेपाचला निघालो. मी, भाचा, आणि त्याच्या दवाखान्यातले परिचर, जे याच खोऱ्यातले असल्यामुळे खरं लसीकरण तेच करतात असं भाचा म्हणतो. बर्फाच्या पिशव्या घातलेला लसीचा डबा परिचरांच्या मांडीवर. ही लस 2 ते 8 अंशांत राहिली तरच कामाची. उजेड व्हायच्या आत जायचं कारण साधं: सातनंतर जनावरं रानात जातात, मग संध्याकाळपर्यंत हाती लागत नाहीत.

भंडारदऱ्याचं धरण 1926 मध्ये पूर्ण झालं. जूनच्या सुरुवातीला जलाशय इतका उतरलेला असतो की काठाची लाल माती पायऱ्यापायऱ्यांनी दिसते. कळसूबाईवर ढगाची टोपी. 1646 मीटर, राज्यातलं सगळ्यात उंच शिखर, आणि त्याच्या पायथ्याची माणसं पावसाची वाट बघतात तशीच त्याला घाबरतात. घाटघरकडच्या या कोपऱ्यात पाऊस धो धो म्हणजे काय ते दाखवतो. घटसर्प आणि फऱ्या हे दोन रोग पहिल्या पावसाबरोबर येतात. घटसर्पात घसा सुजतो, श्वास घरघरतो आणि जनावर दिवसभरात संपतं. डॉक्टर पोचेपर्यंत खड्डा खणून झालेला असतो. लस टोचल्यावर अंगात ताकद यायला दोन-तीन आठवडे लागतात. म्हणून ही धावपळ.

दवाखान्यात जनावर धरायला लोखंडी खोडा असतो. इथे खोडा म्हणजे दोन पोरं. एकाने शिंगं धरायची, दुसऱ्याने नाकपुड्यांत बोटं घालून मान वर करायची, तेवढ्यात परिचर मानेची कातडी चिमटीत धरून सुई मारून मोकळे. काही गुरं आठ महिने रानातच राहिलेली. ती माणूस बघून कुंपणावरून उडी मारत. मला काम मिळालं ते बिल्ल्यांचे नंबर लिहायचं. पिवळा बिल्ला, बारा आकडे, कान हलता. हे सगळं नंतर सरकारी अ‍ॅपवर चढवायचं असतं, पण रेंज फक्त देवळामागच्या खडकावर येते, तेव्हा आधी वही. नंबर लिहिण्यात मी चोख निघालो. भाचा म्हणाला, "मामा, पेन्शन सोडा, इथंच या."

एक म्हातारबा मात्र ओट्यावरून हलेनात. त्यांच्या दावणीला दोन बैल आणि तीन गाई. "टोचलं का गाय आटती. गाठ येती मानंला. मागच्या खेपंला बैल चार दिस जू घ्यायना." आता भाचा वाद घालणार असं मला वाटलं, कारण आकडे त्याच्या बाजूने होते. पण तो ओट्यावर बसला. कोरा चहा आला. राब भाजून झालं का, कोणता भात टाकणार, काळभात का इंद्रायणी, असं चाललं होतं. बऱ्याच वेळाने म्हातारबा आपणच म्हणाले की खालच्या वाडीतल्या चुलतभावाचे दोन्ही बैल दोन सालांमागं आवणीच्या (भातलावणीच्या) तोंडावर गेले, एका रात्रीत. मग त्याने शेत कसं लावलं? "लोकाच्या बैलांनी. सगळ्यांचं झाल्यावर." म्हणजे पंधरा दिवस उशिरा. भाचा काही बोलला नाही, चहा संपवला. म्हातारबा उठले, गाई सोडून अंगणात घेऊन आले, आणि म्हणाले, "बैलांना नको, त्यांना परवा बघू." परवा म्हणजे भाच्याला पुन्हा यावं लागणार. पण ते बोलणं तिथेच थांबलं आणि पाचांतले तीन वहीत चढले.

त्यांच्या एका गाईच्या पाठीवरून मी हात फिरवला. हाताला तेलकट ओशटपणा लागला, धुतला तरी जाईना. डांगीच्या कातडीतून हा तेलकट स्राव पाझरतो, आणि त्यामुळे पावसाचं पाणी अंगात मुरत नाही, निथळून जातं. खूर काळे आणि टणक. भाताच्या चिखलात दिवसदिवसभर राहून मऊ पडत नाहीत. संगमनेरची 22 लिटरवाली इथे आणून बांधली तर श्रावण बघणार नाही. उलट डांगी दूध देते लिटर-दोन लिटर, तेही बरंचसं वासराच्याच पोटात जातं. रंगावरून पारा, बहाळा, मानेरा अशी नावं आहेत, ती परिचरांनी मला तोंडपाठ करायला लावली. मी सवयीने किंमत विचारली. म्हातारबा म्हणाले, "इकायची न्हाई." मी म्हटलं, विकायची नसली तरी किंमत असेलच. त्यांनी भाच्याकडे बघितलं, जणू माझ्यातच काहीतरी बिघाड आहे आणि तो त्याने तपासावा.

आता काही वाड्यांत पॉवर टिलर आले आहेत. बैल कमी होतायत, आणि डांगी पाळली जाते ती मुख्यतः बैलासाठी. भाच्याला याची काळजी वाटते. मला वाटतं, पॉवर टिलरवाल्यालाही दोष देता येत नाही. बैलजोडी बारा महिने खाते.

शुक्रवार

रतनगडाच्या बाजूच्या एका वस्तीवर रात्री बिबट्या येऊन गेल्याचा निरोप. एक कालवड आणि शेजारच्या घराची एक शेळी. वनरक्षक आमच्या आधी पोचले होते. नियम असा की पंचनामा होईपर्यंत जनावर जागेवरून हलवायचं नाही, आणि डॉक्टरच्या दाखल्याशिवाय भरपाईचा कागद पुढे सरकत नाही.

कालवड गोठ्यापासून साठ-सत्तर पावलांवर, करवंदीच्या जाळीत ओढून नेलेली. फरफटल्याची रेघ मातीत स्पष्ट. गळ्याला चार भोकं, मागची मांडी खाल्लेली. एवढ्यावर मी सही केली असती. भाच्याने हातमोजे घातले आणि सुरीने गळ्याची कातडी सोलली. आत काळपट रक्त साकळलेलं होतं. "हे बघायचं असतं. जिवंतपणी चावलं तरच रक्त असं साकळतं. आधीच मेलेल्या जनावराला नंतर कोणी चावलं, तर बाहेर भोकं दिसतात, आत कोरडं असतं." मग दोन सुळ्यांमधलं अंतर पट्टीने मोजलं, फोटो, बिल्ल्याचा नंबर, वय दातांवरून. दाखला अर्ध्या तासात झाला.

शेळीपाशी वेळ लागला. तिचा गळा साबूत होता. चावे मागच्या दोन्ही पायांना, शेपटीखाली, पोटाला. लचके वेडेवाकडे, भोकं उथळ आणि खूप. शेळी जिथे बांधली होती तिथेच पडलेली. भाचा तिच्याभोवती दोनदा फिरला. वनरक्षक दुसरीकडे बघत उभे राहिले. मालक, तिशीचा माणूस, हलक्या आवाजात म्हणाला, "डॉक्टर, एकाच रातीचं हाय. त्योच आसल ना." वन्यप्राण्याने मारलं तर भरपाई आहे, कुत्र्यांनी मारलं तर नाही. सगळ्यांना ते माहीत होतं.

भाच्याने लिहिलं: कुत्र्यांचा हल्ला. लिहून झाल्यावर ते त्याने त्या माणसाला वाचून दाखवलं. माणूस हो की नाही काही बोलला नाही, आत गेला. आम्ही निघेपर्यंत बाहेर आला नाही. एरवी त्या घरी चहाशिवाय कोणी सोडत नाही, असं परिचर म्हणाले.

बँकेत असताना डॉक्टरांचे दाखले मी 'मॅनेज' केलेले असणार असं धरूनच वाचायचो. काही असतीलही. आयआरडीपी या सरकारी ग्रामीण कर्जयोजनेच्या काळात एकच म्हैस तीन गावांच्या कर्जप्रकरणांत उभी राहते, असं आम्ही हसून सांगायचो. पण खोटा दाखला न देण्यासाठी काय लागतं, ते त्या अंगणात दिसलं. तो माणूस उद्या लसीकरणाला गाय बाहेर काढेल का, हा हिशेब भाच्याच्या डोक्यात नक्की चालू होता.

कालवड पुरायची की रानात टाकायची यावर थोडी चर्चा झाली. जुनी माणसं म्हणाली, पूर्वी दोन तासांत गिधाडं साफ करायची. जनावरांना द्यायच्या डायक्लोफिनॅकवर 2006 मध्ये बंदी आली, कारण ते औषध दिलेलं मढं खाल्लं की गिधाडांचे मूत्रपिंड निकामी होतात. तोवर आकाश रिकामं झालं होतं. भाच्याच्या पेटीत त्याऐवजी मेलॉक्सिकॅम असतं. खड्डा खणायचं ठरलं.

शनिवार

दिवसभर दवाखाना. शेळ्यांना जंताचं औषध, एका बैलाचा जुवाने सुजलेला खांदा, एका गोऱ्ह्याचं खच्चीकरण चिमट्याने. मिनिटभराचं काम आणि गोऱ्ह्यापेक्षा धरणारेच जास्त ओरडतात.

रात्री साडेनऊला फोन. जलाशयाच्या पलीकडच्या पाड्यावर पहिलारू गाय दुपारपासून अडलीय, दोन पाय बाहेर आलेत, पुढे सरकत नाही. नेमके काजव्यांचे दिवस आणि शनिवार. पावसाआधी इकडच्या हिरड्या-बेहड्याच्या झाडांवर काजवे लगडतात आणि ते बघायला पुण्या-मुंबई-नाशिकच्या गाड्या लोटतात. शेंडी गावाच्या पुढे रस्ता ठप्प. प्रखर दिवे लावून अंधारातली गंमत बघायला आलेली माणसं मी प्रथमच पाहिली. भाच्याने गाडी रस्त्याच्या कडेच्या चरातून काढली. एका ठिकाणी कोणीतरी खेकसला, "रांगेत या की!" भाचा म्हणाला, "गाय अडलीय." "काय?" त्या माणसाला ते समजलं नाही. त्याच्या मागच्या गाडीतल्या बाईंना समजलं, त्यांनी गाडी मागे घेऊन वाट दिली.

गोठ्यात एक बल्ब आणि मोबाइलचे दोन दिवे. छोटीशी डांगी गाय, पडून राहिलेली. वळू कोणता होता? कोणीतरी रस्त्यावर सोडून दिलेला संकरित. म्हणजे वासरू अंगाने मोठं. भाच्याने शर्ट काढला, दोन्ही हात खांद्यापर्यंत साबणाने धुतले. शेपटीच्या मुळाशी सुई देऊन भूल दिली, आणि शेपटी लुळी पडेपर्यंत थांबला. मग हात आत.

"पुढचेच पाय आहेत." गुडघा कुठल्या बाजूला दुमडतो त्यावरून ते कळतं. "डोकं नाही." डोकं मागे, बरगडीकडे वळलेलं. आता ओढलं असतं तर दोघंही गेली असती. त्याने बोट आणखी आत नेलं आणि मिनिटभर थांबला. "चोखतंय," तो म्हणाला. वासराच्या तोंडात बोट गेलं होतं आणि वासरू ते चोखत होतं.

पुढचा पाऊण तास कोणाशीच बोलणं नाही. आधी वासराला आत ढकलायचं, म्हणजे डोकं फिरवायला जागा होते. आणि गाय कळ देते तेव्हा ढकलायचं नाही, कारण गर्भाशय फाटतं. कळ गेली की ढकल, कळ आली की हात तसाच धरून ठेव. कळेच्या वेळी भाच्याचा दंड आत चेपला जायचा आणि तो डोळे मिटून घ्यायचा. मध्येच हात बदलला. उजव्याची बोटं वळेनाशी झाली होती. लिक्विड पॅराफिनची अख्खी बाटली संपली. शेवटी खालच्या जबड्यात दोरीचा फास बसला, डाव्या हाताने छाती मागे रेटत त्याने डोकं वळवून समोर आणलं. पायांना दोऱ्या, दोन माणसं, आणि भाचा ओरडतोय, "कळ आली की ओढा! खाली! सरळ नाही, खाली, खुरांकडे!"

वासरू बाहेर पडलं ते जीभ सुजलेलं, निपचित. नाकातोंडातला चिकटा काढला, गवताची काडी नाकपुडीत फिरवली, गोणपाटाने छाती घासली. शिंकलं. कालवड होती, रंगाने काळी. मालकिणीने तिला गाईच्या तोंडापाशी सरकवलं आणि भाच्याला म्हणाली, "आता हात शेका." तिने आधीच पाणी तापवून ठेवलं होतं. तांदळाची भाकर आणि सुकटीची चटणी रात्री साडेबाराला इतकी चांगली लागते हे मला या वयात कळलं.

परत येताना रस्ता मोकळा होता. भाच्याने विचारलं, "मामा, काजवे बघितले का?" मी त्याच्या पाठीला टेकून पेंगत होतो.

रविवार

सकाळी पुन्हा तिकडेच, कारण गाईची वार, म्हणजे वासरामागून पडणारं नाळेचं आवरण, अजून पडली नव्हती. लोंबणाऱ्या वारेला कोणीतरी जुनी चप्पल बांधून ठेवलेली, वजनाने लवकर सुटावी म्हणून. भाच्याने ती सोडून भिरकावली. वजन लावलं की वार मध्येच तुटते, तुकडा आत राहतो आणि सडतो. शिवाय अंग (गर्भाशय) बाहेर पडायची भीती. हात घालून ओढायचीही नाही. ताप नाही, गाय खातेय, तर थांबायचं. कालवड उठून उभी होती, चीक पोटभर प्यालेली. मालक विचारत होता की पुढच्या खेपेला डांगीचीच कांडी मिळेल का. भाचा म्हणाला, माज दिसला की लगेच फोन करा, दुसऱ्या दिवशी नको.

तिथून तो मला राजूरला सोडून म्हातारबांच्या बैलांकडे गेला. परवा म्हणजे खरं तर कालच होतं.

एसटी संगमनेरच्या अलीकडे आली तेव्हा रेंज आली आणि त्याचा मेसेज. वार अकराला पडली, कुत्री ओढायच्या आत पुरायला सांगितली. एक बैल टोचला, दुसरा रानात पळाला. वारंघुशीला म्हैस फुगलीय, निघतोय.